कोपऱ्यातला चेहरा

एप्रिल १९८३ मध्ये शिकागोच्या अपील न्यायालयाने दोन कंपन्यांच्या भांडणात निकाल दिला. ‘मिडवे’ ही कंपनी अमेरिकेत ‘गॅलॅक्सियन’ आणि ‘पॅक-मॅन’ या खेळांची नाणं टाकून चालवायची यंत्रं बनवत असे. ‘आर्टिक इंटरनॅशनल’ नावाची दुसरी कंपनी या यंत्रांत बसवता येतील असे सर्किट बोर्ड विकायची. त्यातला एक बसवला की गॅलॅक्सियनचा वेग वाढायचा. मिडवेने कॉपीराइटचा दावा ठोकला. त्यावर आर्टिकचा एक बचाव असा होता की, पडद्यावरची दृश्यं प्रत्येक डावात वेगळी असतात आणि त्यांचा क्रम खेळणारा ठरवतो. मग ती कंपनीची निर्मिती कशी? न्यायालयाला हे पटलं नाही. खेळणाऱ्याला दृश्यांच्या क्रमावर फारसा ताबा नसतो. त्याचं काम कादंबरी लिहिण्यापेक्षा किंवा चित्र काढण्यापेक्षा टीव्हीचं चॅनल बदलण्याच्या अधिक जवळचं आहे, अशा आशयाचं मत निकालात नोंदवलं गेलं. पडद्यावर जे दिसतं ते कंपनीचं, खेळणारा हा केवळ गिऱ्हाईक, हे तत्त्व त्यानंतर पक्कं झालं. पुढच्या तीस वर्षांत ते कोणत्याही वरिष्ठ न्यायालयाने उलटवलं नाही. तरीही आज जगभर लाखो माणसं स्वतःच्या खेळाचं चित्रण दाखवून पैसे मिळवतात आणि गेम बनवणाऱ्या कंपन्या त्यांना अडवण्याऐवजी त्यांची मनधरणी करतात. हा बदल खेळाच्या चित्रणाला वेबकॅमची जोड मिळाल्यामुळे घडून आला, असं या लेखाचं म्हणणं आहे. पडद्याच्या कोपऱ्यातल्या छोट्या चौकटीतला चेहरा शोभेपुरता नव्हता. कंपनीच्या मालकीच्या दृश्यात खेळणाऱ्याच्या मालकीचं असं पहिलं ठसठशीत काही आलं, ते त्या चौकटीतून.

खेळाचं चित्रण करण्याची हौस वेबकॅमपेक्षा जुनी, पण तिचा हेतू निराळा होता. अमेरिकेतल्या आयोवा राज्यात ऑटमवा या गावी वॉल्टर डे यांनी १९८१ मध्ये ‘ट्विन गॅलक्सीज’ नावाचं खेळघर उघडलं आणि पुढच्याच वर्षी देशभरातल्या विक्रमी गुणांची नोंद ठेवायला सुरुवात केली. विक्रमाचा दावा आला की पुरावा लागतो. तो पुढे व्हिडिओ कॅसेटच्या रूपाने येऊ लागला. १९९३ च्या डिसेंबरात ‘डूम’ आला आणि चित्रणाची एक अतिशय काटकसरी पद्धत सोबत घेऊन आला. त्यात दृश्यं साठवली जात नसत. खेळणाऱ्याने सेकंदाला ३५ वेळा कोणती आज्ञा दिली एवढंच साठवलं जाई, तेही प्रत्येक वेळी ४ बाइटमध्ये. म्हणजे एका मिनिटाच्या डावाला सुमारे ८,४०० बाइट पुरत. टेलिफोनच्या तारेवरून कूर्मगतीने चालणाऱ्या त्या काळच्या इंटरनेटवरही अशी फाइल सहज जाई. ज्याच्याकडे मूळ गेम आहे त्याच्या संगणकावर तो डाव जसाच्या तसा पुन्हा घडे. १९९६ मध्ये ‘क्वेक’ आल्यावर हीच परंपरा पुढे गेली. १९९७ मध्ये काही खेळाडूंनी मिळून संपूर्ण क्वेक सर्वांत कठीण पातळीवर १९ मिनिटं ४९ सेकंदांत पार करून दाखवला आणि तो डाव हजारोंनी उतरवून घेतला. या सगळ्यात प्रेक्षकाचा प्रश्न एकच होता: हे जमलं कसं? खेळणारा कोण, कसा दिसतो, कुठे चुकून दचकला, याची कुणाला गरज नव्हती. विक्रम मोजताना माणूस गाळला तरी चालतो.

वेबकॅमचा जन्म याच सुमारास, पण दुसऱ्याच घरात झाला. केंब्रिज विद्यापीठाच्या संगणक प्रयोगशाळेत कॉफीचं भांडं रिकामं आहे की भरलेलं, हे जागेवरून न उठता कळावं म्हणून १९९१ मध्ये त्या भांड्यासमोर कॅमेरा लावला गेला. १९९३ मध्ये ते दृश्य वेबवर आलं. १९९४ मध्ये ‘कनेक्टिक्स’ने ‘क्विककॅम’ हा गोल कॅमेरा शंभर डॉलरच्या आसपास विकायला काढला. त्याचं चित्र ३२० बाय २४० बिंदूंचं आणि करड्या रंगाच्या १६ छटांचं होतं, पण ते घरातल्या संगणकावर दिसत होतं. १९९६ मध्ये जेनिफर रिंग्ली या अमेरिकी विद्यार्थिनीने आपल्या वसतिगृहातल्या खोलीत असा कॅमेरा लावून रोजचं जगणं जगापुढे ठेवलं आणि ते सात वर्षांहून अधिक काळ चालवलं. त्यात बहुतेक वेळा काहीच घडत नसे. तरी लोक बघत. कुणीतरी तिथे आहे, ही जाणीव हेच त्या दृश्याचं मोल होतं. म्हणजे नव्वदच्या दशकात दोन धारा शेजारी शेजारी वाहत होत्या. एकीकडे कौशल्य होतं पण माणूस दिसत नव्हता. दुसरीकडे माणूस होता पण त्याला करायला काही नव्हतं. एकीत जे कमी होतं ते दुसरीत मुबलक होतं.

या दोहोंची सांगड घालता येते हे टेलिव्हिजनला आधी कळलं. ब्रिटनमध्ये १९९९ साली ‘लेट नाइट पोकर’ हा कार्यक्रम सुरू झाला. त्यात टेबलाच्या काठाला काच बसवून खालच्या कॅमेऱ्याने खेळाडूंची झाकलेली पानं दाखवली जात. पोकर तोवर बघण्यासारखा खेळच मानला जात नव्हता. हातातली पानं आणि ती लपवणारा चेहरा एकाच वेळी दिसू लागल्यावर तो पाहण्याजोगा झाला. दक्षिण कोरियात २००० मध्ये ‘ऑनगेमनेट’ ही केवळ संगणकीय खेळांना वाहिलेली वाहिनी सुरू झाली. तिथे ‘स्टारक्राफ्ट’चे सामने चालू असताना काचेच्या खोलीत बसलेल्या खेळाडूंचे चेहरे अधूनमधून दाखवले जात आणि लिम यो-ह्वानसारखे खेळाडू चित्रपटातल्या नटांइतके ओळखीचे झाले. जपानमध्ये २००३ च्या नोव्हेंबरात ‘गेमसेंटर सीएक्स’ सुरू झाला. त्यात शिन्या अरिनो हे विनोदी कलावंत जुने, अवघड गेम संपवायचा प्रयत्न करतात. ते खेळात काही विशेष तरबेज नाहीत आणि गंमत नेमकी त्यातच आहे. एकच डाव पुन्हापुन्हा हरणारा, कपाळाला हात लावणारा, शेवटी जिंकून सुटकेचा श्वास टाकणारा माणूस तासभर बघावासा वाटतो, हे या कार्यक्रमाने सिद्ध केलं. मात्र या तिन्ही ठिकाणी कॅमेरे, काचा, तंत्रज्ञ आणि वाहिनी यांचा खर्च होता. घरात एकट्याने बसून खेळणाऱ्याला हे परवडणारं नव्हतं.

अडचण होती ती आकड्यांची. ६४० बाय ४८० बिंदूंचं चित्र सेकंदाला तीसदा टिपायचं आणि प्रत्येक बिंदूला ३ बाइट द्यायचे, तर सेकंदाला २७ एमबीहून जास्त आणि मिनिटाला दीड जीबीहून जास्त माहिती तयार होते. ती दाबून लहान करायची तर प्रोसेसरला काम पडतं, आणि प्रोसेसर तर गेम चालवण्यातच गुंतलेला. १९९९ मध्ये आलेला ‘फ्रॅप्स’ हा प्रोग्रॅम वेगासाठी माहिती फारशी दाबतच नसे; त्यामुळे हार्ड डिस्क बघता बघता भरे आणि ४ जीबीला फाइल तुटून दुसरी सुरू होई. त्यात वेबकॅमचं दुसरं चित्र आणि मायक्रोफोनचा आवाज एकाच वेळी टिपायचा म्हणजे तेव्हाचा घरगुती संगणक गुडघे टेकी. म्हणून पहिली पायरी आवाजाची होती. ‘समथिंग ऑफुल’ या अमेरिकी संकेतस्थळाच्या सभासदांनी २००५ नंतर जुने गेम खेळत त्यांची स्थिरचित्रं टाकून त्यांवर टिपणं लिहिण्याची ‘लेट्स प्ले’ ही पद्धत रूढ केली. त्यांच्यापैकी ‘स्लोबीफ’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या मायकेल सॉयर यांनी २००७ मध्ये ‘द इमॉर्टल’ या गेमचं समालोचनासह चित्रण केलं आणि चित्रफितीतल्या लेट्स प्लेची वाट मोकळी झाली. यूट्यूब २००५ पासून होतं, पण २००६ पासून तिथे दहा मिनिटांची मर्यादा होती. एका गेमचे पन्नास-साठ तुकडे करून चढवावे लागत. ही मर्यादा २०१० च्या जुलैत पंधरा मिनिटांवर गेली आणि डिसेंबरात निवडक सभासदांसाठी पूर्णपणे उठली.

त्यानंतरच्या दोन-तीन वर्षांत सगळ्या गाठी एकदम सुटल्या. जस्टिन कान, एमेट शिअर, मायकेल सायबेल आणि काइल व्होग्ट यांनी २००७ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोत ‘जस्टिन डॉट टीव्ही’ सुरू केलं होतं. सुरुवातीला कान स्वतः टोपीला कॅमेरा लावून दिवसरात्र फिरत. पुढे ही सोय सर्वांसाठी खुली झाली आणि लोक तिथे सर्वांत जास्त काय दाखवतात, तर खेळ, असं दिसून आलं. म्हणून जून २०११ मध्ये खेळांसाठी ‘ट्विच’ वेगळं काढलं गेलं. २०१२ मध्ये ‘एनव्हिडिया’च्या ग्राफिक्स कार्डांत चित्र दाबण्यासाठी स्वतंत्र मंडल आलं, प्रोसेसरवरचा भार उतरला. त्याच वर्षी ह्यू बेली यांनी ‘ओपन ब्रॉडकास्टर सॉफ्टवेअर’ म्हणजे ओबीएस फुकट उपलब्ध करून दिलं. त्याची रचना या विषयाच्या दृष्टीने निर्णायक ठरली. ओबीएसमध्ये खेळाचं दृश्य हा एक थर, वेबकॅम हा दुसरा थर, आवाज तिसरा. माउसने ओढून कोणता थर कुठे आणि केवढा ठेवायचा ते ठरवायचं, आणि सगळं मिळून एकच चित्र बाहेर पडतं. आधी चेहरा आणि खेळ वेगवेगळे टिपून नंतर एडिटिंगमध्ये त्यांचे क्षण जुळवावे लागत. ओठ आणि आवाज पुढेमागे झाले की तास वाया जाई. आता ते काम जागच्या जागी होऊ लागलं. पाठीमागे हिरवं कापड लावलं तर खोली गायब होऊन केवळ माणूस खेळावर तरंगू लागला. ज्या मांडणीसाठी वाहिन्यांना नियंत्रण कक्ष लागत होता, ती आता निजायच्या खोलीत होऊ लागली.

साधन मिळालं म्हणून ते रुजतंच असं नाही. त्याला योग्य खेळ मिळावा लागतो. तो स्वीडनमधून आला. हेल्सिंगबोर्गच्या ‘फ्रिक्शनल गेम्स’ या छोट्या कंपनीने सप्टेंबर २०१० मध्ये ‘अम्नीजिया: द डार्क डिसेंट’ हा भयपट म्हणावा असा गेम काढला. यात खेळणाऱ्याच्या हातात शस्त्र नाही. राक्षस आला की पळायचं किंवा लपायचं. कौशल्य दाखवायला फार वाव नाही, घाबरायला मात्र भरपूर. स्वीडनच्याच फेलिक्स शेलबर्ग या तरुणाने इंजिनिअरिंगचं शिक्षण अर्धवट सोडून ‘प्यूडीपाय’ या नावाने असे गेम खेळताना स्वतःचं चित्रण सुरू केलं होतं. मॉनिटरच्या उजेडात उजळलेला चेहरा, दार उघडण्याआधीची कुजबुज आणि मग किंकाळी, हे त्याचं भांडवल. ऑगस्ट २०१३ मध्ये त्याचं चॅनल यूट्यूबवर सर्वाधिक सबस्क्रायबर असलेलं चॅनल बनलं. ते स्थान पुढे २०१९ मध्ये भारताच्या टी-सीरीजने घेतलं. भयपट गेम आणि वेबकॅम यांचं नातं २०१४ मध्ये आणखी घट्ट झालं. स्कॉट कॉथन यांनी एकट्याने बनवलेल्या ‘फाइव्ह नाइट्स अॅट फ्रेडीज’मध्ये खेळणारा हा पिझ्झाच्या दुकानातला रात्रपाळीचा पहारेकरी असतो, तो कॅमेऱ्यांतून बाहुल्यांवर नजर ठेवतो. कॅमेऱ्यात बघणाऱ्या माणसाला दुसऱ्या कॅमेऱ्यातून बघणारे प्रेक्षक कोट्यवधींनी मिळाले. इथे प्रेक्षकाचा जुना प्रश्न बदलला होता. हे जमलं कसं, याऐवजी आता त्याला काय वाटलं, हे लोक विचारू लागले. त्या प्रश्नाचं उत्तर गेमच्या कोणत्याही फाइलमध्ये साठवलेलं नसतं.

कंपन्यांनी या घडामोडीला दोन परस्परविरोधी उत्तरं दिली आणि दोन्ही २०१३ सालची आहेत. नोव्हेंबरात आलेल्या प्लेस्टेशन ४ च्या कंट्रोलरवर सोनीने ‘शेअर’ असं स्वतंत्र बटण दिलं. यंत्र शेवटची पंधरा मिनिटं आपोआप टिपून ठेवी, आणि वेगळा कॅमेरा घेतला तर खेळणाऱ्याचा चेहराही थेट प्रक्षेपणात येई. उलट मे महिन्यात निन्टेन्डोने आपल्या खेळांच्या चित्रफितींवरचं जाहिरातीचं उत्पन्न स्वतःकडे वळवायला सुरुवात केली होती. डिसेंबरात यूट्यूबच्या आपोआप चालणाऱ्या हक्कतपासणीने खेळांच्या असंख्य चित्रफितींवर दावे लावले. १९८३ चं तत्त्व इथे पुरेपूर वसूल होत होतं. ‘कसेल त्याची जमीन’ हा न्याय या शेताला लागू नव्हता. मेहनत कुणाचीही असो, सातबारा कंपनीच्या नावावर होता. २०१५ च्या जानेवारीत निन्टेन्डोने नोंदणी करणाऱ्यांना उत्पन्नातला ६० ते ७० टक्के वाटा देणारी योजना आणली. ती जाचक ठरली आणि २०१८ च्या अखेरीस गुंडाळली गेली. तिच्या जागी आलेले नियम महत्त्वाचे आहेत: चित्रफितीत करणाऱ्याची स्वतःची सर्जनशील भर किंवा समालोचन असेल तर हरकत नाही, खेळाची नुसती नक्कल मात्र चालणार नाही. जे न्यायालयाने नाकारलं होतं ते कंपनीने व्यवहारात मान्य केलं. खेळणारा स्वतःचं काहीतरी घालतो, आणि त्यामुळे चित्रफीत वेगळी वस्तू ठरते.

यावर एक आक्षेप रास्त आहे. कंपनीने दिलेली सवलत म्हणजे हक्क नव्हे. कायदा तर तसाच आहे. सप्टेंबर २०१७ मध्ये याचा प्रत्यय आला. प्यूडीपायने एका थेट प्रक्षेपणात वंशद्वेषी शिवी दिल्यावर ‘फायरवॉच’ या गेमच्या निर्मात्यांनी कॉपीराइटचा आधार घेऊन त्याची त्या गेमवरची जुनी चित्रफीत उतरवायला लावली. शिवीचा निषेध योग्यच होता, पण हत्यार म्हणून वापरला गेला तो दृश्यांवरचा मालकी हक्क. चेहरा कितीही प्रसिद्ध असला तरी त्याच्या मागची भिंत दुसऱ्याची आहे, हे त्यातून दिसलं. पण पुरावा इथे थांबत नाही. त्याच्या आधल्याच महिन्यात, ऑगस्ट २०१७ मध्ये, न्यूयॉर्कच्या संघीय न्यायालयाने ईथन आणि हिला क्लाइन यांच्या बाजूने एक निकाल दिला होता. या जोडप्याने दुसऱ्याच्या चित्रफितीचे तुकडे दाखवत, मधेमधे थांबून, कॅमेऱ्यासमोर बसून त्यावर टीका केली होती. ही टीका हा न्याय्य वापर आहे, असं न्यायालयाने ठरवलं. मात्र नुसतं एकत्र बसून बघितल्यासारख्या चित्रफिती या संरक्षणात बसतीलच असं नाही, हेही बजावलं. खटला गेमचा नव्हता, पण त्यातली कसोटी इथेही चपखल बसते. चेहरा दिसतो एवढ्याने काही सिद्ध होत नाही. त्या चेहऱ्याने दृश्यात काय भर घातली, हे बघावं लागतं. वेबकॅमने हक्क दिला नाही. हक्क मागण्यासाठी बोट दाखवता येईल असं काहीतरी दिलं.

दुसरा आक्षेप अधिक मुळाशी जातो: चेहऱ्याशिवायही हे सगळं चालतंच की. फेब्रुवारी २०१४ मध्ये ट्विचवर ‘पोकेमॉन रेड’ हा गेम कुणा एकाने नव्हे, तर हजारो प्रेक्षकांनी आज्ञा टाइप करून एकत्र खेळला. सोळा दिवसांनी तो संपला आणि अकरा लाखांहून अधिक लोकांनी त्यात भाग घेतला. ‘माइनक्राफ्ट’ खेळणाऱ्या ‘ड्रीम’ने ऑक्टोबर २०२२ पर्यंत चेहरा दाखवलाच नाही, तरी त्याचे चाहते कोट्यवधी होते. जपानमध्ये २०१६ च्या अखेरीस ‘किझुना आई’ ही काढलेली व्यक्तिरेखा यूट्यूबवर आली आणि अशा आभासी सादरकर्त्यांची रांगच लागली. ही उदाहरणं खरी आहेत, पण ती नीट पाहिली तर चेहऱ्याचं महत्त्व अधिकच ठळक होतं. ड्रीमने चेहरा दाखवला तो दिवस बातमी ठरला, कारण चेहरा न दाखवणं हा अपवाद होता आणि प्रेक्षक सतत त्याची वाट पाहत होते. आभासी व्यक्तिरेखांच्या मागे तर बहुधा वेबकॅमच असतो. तो सादरकर्त्याच्या भुवया, ओठ आणि मान यांच्या हालचाली टिपतो आणि त्या काढलेल्या चेहऱ्यावर चढवतो. म्हणजे हाडामांसाचा चेहरा झाकला, तरी कोपऱ्यातली जागा रिकामी ठेवलेली नाही. राहिला पोकेमॉनचा प्रयोग. तो खेळणाराच गर्दी होता. तिथे एक चेहरा असूच शकत नव्हता. गरज असते ती खेळणाऱ्याच्या उपस्थितीची. वेबकॅम हा ती दाखवण्याचा सर्वांत स्वस्त आणि थेट मार्ग ठरला.

तिसरा आक्षेप गेम बनवणाऱ्यांचा. लोक बघूनच तृप्त झाले तर विकत कोण घेणार? ‘दॅट ड्रॅगन, कॅन्सर’ हा गेम २०१६ च्या जानेवारीत आला. कॅन्सरने गेलेल्या आपल्या लहानग्या मुलाची कहाणी रायन ग्रीन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यात मांडली होती. गेम जवळपास एका सरळ रेषेत जातो, दोन-एक तासांत संपतो. लाखो लोकांनी तो दुसऱ्याला खेळताना पाहिला आणि तिथेच ते थांबले. त्याचा विक्रीवर परिणाम झाला, असं ग्रीन यांनी मार्चमध्ये जाहीरपणे लिहिलं. हे नुकसान खरं होतं. उलट बाजूला ‘अमंग अस’ आहे. तो जून २०१८ मध्ये निघाला आणि दोन वर्षं जवळपास दुर्लक्षित राहिला. २०२० च्या टाळेबंदीत स्ट्रीमरनी, म्हणजे खेळाचं थेट प्रक्षेपण करणाऱ्यांनी, तो एकमेकांबरोबर खेळायला घेतला तेव्हा जगभर पसरला. या खेळात खोटं बोलून दाखवायचं असतं, म्हणून खोटं बोलणाऱ्याचा चेहरा बघणं हाच निम्मा आनंद. दोन्ही उदाहरणं एकाच नियमाकडे बोट दाखवतात. जिथे प्रत्येक खेळणाऱ्यागणिक वेगळं काही घडतं, तिथे दुसऱ्याला बघून स्वतः खेळावंसं वाटतं. जिथे सगळ्यांना एकच गोष्ट ऐकायची असते, तिथे ती एकदा ऐकली की पुरते. दोष सरसकट चित्रणावर टाकता येत नाही, पण कथाप्रधान छोट्या गेमना त्याची किंमत मोजावी लागली, हेही नाकारता येत नाही.

खरी किंमत मोजली ती चेहरा दाखवणाऱ्यांनी. ऑगस्ट २०१४ मध्ये अमेरिकेच्या कोलोरॅडो राज्यात लिटलटन इथे एक स्ट्रीमर खेळत असताना कुणीतरी पोलिसांना खोटा फोन केला. सशस्त्र तुकडी खोलीत शिरली आणि त्याला जमिनीवर पालथं पाडण्याचं दृश्य त्याच्याच वेबकॅमने जगाला दाखवलं. स्त्रियांच्या वाट्याला तर पहिल्या दिवसापासून शेरेबाजी आली. खेळ कसा आहे यापेक्षा चौकट केवढी मोठी आहे आणि कपडे कोणते आहेत यावर वाद झाले. चेहरा हे भांडवल झालं की त्याला सुट्टी नसते. कंटाळा, थकवा, दुःख हे सगळं झाकून दररोज उत्साही दिसावं लागतं. आणि गेम कंपनीच्या हातून सुटलेला माणूस नव्या मालकाच्या हाती सापडला. ॲमेझॉनने २०१४ मध्ये ट्विच ९७ कोटी डॉलरना विकत घेतलं. ‘निन्जा’ म्हणजे टायलर ब्लेव्हिन्स यांचा ‘फोर्टनाइट’चा एक डाव मार्च २०१८ मध्ये तिथे एकाच वेळी सहा लाखांहून अधिक लोकांनी पाहिला, गायक ड्रेक त्यांच्याबरोबर खेळत होता. २०१९ च्या ऑगस्टमध्ये ते मायक्रोसॉफ्टच्या ‘मिक्सर’ या ट्विचसारख्याच सेवेकडे गेले. तिथे ती गर्दी त्यांच्यामागे आली नाही, आणि जुलै २०२० मध्ये मिक्सरच बंद पडलं.

भारतात हीच गोष्ट वेगळ्या क्रमाने घडली, आणि म्हणून ती पडताळणीसाठी उपयोगी आहे. इथे घरोघर संगणक आणि वेबकॅम कधीच नव्हते. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आलं, डेटा स्वस्त झाला आणि मार्च २०१८ मध्ये ‘पबजी मोबाइल’ आला. खेळ आणि कॅमेरा दोन्ही एकाच फोनमध्ये होते. मुंबईचे नमन माथुर म्हणजे ‘मॉर्टल’ यांच्यासारखे खेळाडू या लाटेवर घरोघर पोचले. २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारने पबजीवर बंदी घातली. प्रेक्षक केवळ खेळासाठी येत असते तर ही नावं त्याच दिवशी पुसली गेली असती. प्रत्यक्षात अनेक स्ट्रीमर दुसऱ्या खेळांकडे वळले आणि प्रेक्षकांचा मोठा भाग त्यांच्याबरोबर राहिला. त्याच वर्षीच्या टाळेबंदीत नाशिकचे ग्रँडमास्टर विदित गुजराथी विनोदी कलावंत समय रैना यांच्या जोडीने बुद्धिबळ स्ट्रीम करत होते. बुद्धिबळाच्या पटावर तर कुणाचाच कॉपीराइट नाही. तरीही ज्यांना घोडा कसा चालतो एवढंच माहीत होतं, असे लोक तासन् तास बसले, ते पटाशेजारच्या चौकटीतल्या गप्पांसाठी.

या इतिहासाचा हिशेब मांडताना जमा आणि खर्च दोन्ही स्पष्ट लिहावे लागतील. खेळणारा हा केवळ गिऱ्हाईक नाही, हे वेबकॅमने कायद्याच्या आधी बाजाराला पटवलं, आणि बाजाराने कंपन्यांना. पण मालकीचा प्रश्न त्याने सोडवला नाही, एका घरातून दुसऱ्या घरात नेला. ऑगस्ट २०१४ मध्ये जस्टिन डॉट टीव्ही बंद झालं. त्याच महिन्यात ट्विचने सर्वसाधारण सभासदांचं जुनं प्रक्षेपण चौदाच दिवस ठेवायचं ठरवलं. पहिल्या पिढीने चेहरा दाखवून केलेलं कितीतरी काम अशा निर्णयांतून नाहीसं झालं. ते करणाऱ्यांना विचारण्याचं बंधन कुणावर नव्हतं. डूमच्या काही हजार बाइटच्या फाइली तीस वर्षांनंतरही चालतात, कारण त्या खेळणाऱ्यांच्या स्वतःच्या डिस्कवर होत्या. आज जे कुणी खेळ आणि चेहरा एकत्र टिपत आहेत त्यांनी एवढं तरी करावं: मूळ चित्रण आधी स्वतःकडे ठेवावं आणि मगच दुसऱ्याच्या दारात न्यावं.